विश्लेषण : ‘कहना क्या चाहते हो’ विचारणारे ते प्राध्यापक कोण होते? एका मीममागच्या चरित्र अभिनेत्याची गोष्ट

कॉलेजात शिकवले, लष्करात कॅप्टन झाले, तेल कंपनीत २५ वर्षे नोकरी केली आणि सव्वाशेहून अधिक चित्रपटांत दिसले. तरीही अच्युत पोतदार हे नाव सांगितले की अनेकजण विचारतात, ‘कोण?’

मीटिंगमध्ये एखादा दहा मिनिटे बोलतो. स्लाइड बदलतात, आलेख येतात, मुद्दा मात्र येत नाही. तेवढ्यात ग्रुपवर एक चित्र पडते. चष्मा लावलेले, वैतागलेले एक वयस्कर प्राध्यापक आणि खाली चार शब्द : ‘कहना क्या चाहते हो’. दिघीच्या टेकडीवरील इंजिनीअरिंग कॉलेजचे होस्टेल असो, भोसरी एमआयडीसीतला एखादा वर्कशॉप असो की चाकणच्या प्लांटमधला क्वालिटी विभाग, हे चित्र ज्याच्या फोनमध्ये नाही असा इंजिनीअर सापडणे कठीण. १५ सप्टेंबरला, म्हणजे अभियंता दिनी, तर त्याला सुटीच नसते.

या चित्रातील अभिनेते अच्युत पोतदार यांचे १८ ऑगस्ट २०२५ रोजी ठाण्यात निधन झाले. ९१ वर्षे पूर्ण व्हायला चार दिवस बाकी होते. बातम्यांच्या मथळ्यांत बहुतेक ठिकाणी ‘थ्री इडियट्समधील प्राध्यापक’ असाच उल्लेख होता. एका अर्थाने ते खरे आहे आणि एका अर्थाने अन्यायाचे. कारण तो प्रसंग जेमतेम काही मिनिटांचा, आणि त्यामागची कारकीर्द ४० वर्षांहून मोठी.

आधी तो प्रसंग नीट पाहू

‘थ्री इडियट्स’ २५ डिसेंबर २००९ रोजी प्रदर्शित झाला. दिग्दर्शक राजकुमार हिरानी. वर्गात प्राध्यापक यंत्राची व्याख्या विचारतात. रँचो (आमिर खान) हसत हसत सांगतो की माणसाचे कष्ट कमी करते ते यंत्र, आणि उदाहरण थेट पँटच्या चेनपर्यंत नेतो. प्राध्यापक चिडतात. मग चतुर (ओमी वैद्य) उठून पुस्तकातली लांबलचक व्याख्या एका दमात म्हणून दाखवतो आणि प्राध्यापक खूश होतात. ‘मीही तेच म्हणालो, फक्त सोप्या भाषेत’ असे रँचो म्हणतो, तेव्हा त्याला सोप्या भाषेसाठी आर्ट्स-कॉमर्सचा रस्ता दाखवून वर्गाबाहेर काढले जाते. काही क्षणांत तो परत येतो आणि कशासाठी आलो हे सांगताना पुस्तक या वस्तूची तशीच बोजड, न संपणारी व्याख्या ऐकवतो. प्राध्यापकांना काहीच कळत नाही आणि ते वैतागून तो प्रश्न विचारतात. उत्तर येते : पुस्तक विसरलो होतो, सर.

हा विनोद कुणाचा? टाळ्या रँचोला मिळतात. पण प्रसंगाची यंत्रणा उलगडून पाहिली तर सगळा भार दुसऱ्या टोकाला आहे. पोतदार यांनी त्या प्राध्यापकाला विनोदी केलेले नाही. तोंड वेडेवाकडे करणे नाही, आवाज चढवून हशा मागणे नाही. हा माणूस खरोखर वीस-पंचवीस वर्षे हेच शिकवत आला असावा, चतुरच्या उत्तराने त्याला खरोखर समाधान झाले असावे आणि दारातल्या मुलाचे बोलणे त्याला खरोखर कळलेले नसावे, अशा पद्धतीने त्यांनी तो उभा केला. वैताग खरा वाटतो म्हणून हसू येते. समोरच्याने चेंडू नीट टाकला नाही तर षटकार बसत नाही, इतके साधे आहे ते.

आणि वैताग खरा असल्यामुळेच मीम टिकले. मीमला संदर्भ लागत नाही, भावना लागते. बॉसचा लांबलचक ईमेल, राजकीय नेत्याचे भाषण, घरमालकाचा व्हॉइस मेसेज, कशावरही ते चिकटते. चित्रपट न पाहिलेल्या मुलांनाही त्याचा अर्थ कळतो.

यातली गंमत पुढे आहे. सोप्या भाषेसाठी आर्ट्स-कॉमर्सला जा, असे पडद्यावर सुनावणारे पोतदार स्वतः अर्थशास्त्रात पदव्युत्तर शिक्षण घेतलेले होते. आणि ते एके काळी खरेच प्राध्यापक होते.

चार नोकऱ्या, एक माणूस

पोतदार यांचा जन्म २२ ऑगस्ट १९३४ रोजी जबलपूरचा. मध्य प्रदेशात वाढलेली, घरात मराठी आणि बाहेर हिंदी बोलणारी जी मोठी मराठी वस्ती आहे, त्यातले ते. (हिंदी पडद्यावर त्यांची भाषा कधी उपरी वाटली नाही, याचे एक कारण हे असावे.) शिक्षणानंतर त्यांनी मध्य प्रदेशातील रीवा येथे अध्यापन केले. त्यानंतर ते लष्करात गेले. १९६२ च्या चीन युद्धानंतर सैन्याची झपाट्याने वाढ होत होती तो हा काळ. १९६७ मध्ये ते कॅप्टन या हुद्द्यावरून बाहेर पडले आणि इंडियन ऑइलमध्ये रुजू झाले. तिथली नोकरी जवळपास २५ वर्षांची. १९९२ मध्ये, वयाच्या ५८ व्या वर्षी, ते रीतसर निवृत्त झाले.

दिघीकरांना या टप्प्यावर थोडे थांबावेसे वाटेल. आळंदी रस्त्यावरचा हा भाग एका बाजूने लष्कराचा आणि दुसऱ्या बाजूने इंजिनीअरांचा. दिघी टेकडीवरचे आर्मी इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी १९९४ मध्ये सुरू झाले ते लष्करातील लोकांच्या मुलांसाठी. जवळच डीआरडीओची, लष्करासाठी पूल आणि इतर अभियांत्रिकी साहित्य विकसित करणारी प्रयोगशाळा आहे. म्हणजे ज्या मुलांचे वडील सैन्यात आणि पुस्तके यंत्रशास्त्राची, ती मुले ज्यांचे मीम एकमेकांना पाठवतात ते ‘सर’ स्वतः माजी कॅप्टन होते. मीमच्या खाली हे कुठेच लिहिलेले नसते.

नोकरी करताना सिनेमा कसा जमला?

पोतदार यांच्या कारकिर्दीतला खरा अभ्यासाचा भाग हाच आहे. कॅमेऱ्यासमोर त्यांची सुरुवात झाली ती वयाच्या पंचेचाळिशीत, गोविंद निहलानी यांच्या ‘आक्रोश’पासून (१९८०). लेखन विजय तेंडुलकरांचे. त्याच वर्षीचा ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’, मग निहलानींचाच ‘अर्धसत्य’ (१९८३). समांतर सिनेमाच्या या चित्रपटांना ओळखीचे, गोंडस चेहरे नको होते. कोर्टातला कारकून खरा कारकून वाटावा आणि चौकीतला साहेब खरा साहेब, ही गरज होती. रंगभूमीवरचे, नोकरी करणारे, पोट थोडे सुटलेले, ऑफिसात बसल्याच्या खुणा अंगावर असलेले लोक त्यासाठी योग्य होते. पैसा या चित्रपटांत बेताचाच असे. पण ज्याचा पगार पहिल्या तारखेला जमा होतो, त्याला तो विचार करावा लागत नव्हता.

१९८० ते १९९२ अशी १२ वर्षे त्यांनी नोकरी आणि अभिनय दोन्ही केले. या काळात ‘तेजाब’ (१९८८) सारखा तद्दन व्यावसायिक चित्रपट आहे, दूरदर्शनवर श्याम बेनेगल यांची ‘भारत एक खोज’ आहे आणि ‘वागले की दुनिया’ही आहे. एकाच माणसाला बेनेगलही बोलावतात आणि एन. चंद्राही, हे नायकाच्या बाबतीत क्वचित घडते. चरित्र अभिनेत्याला कुठल्याच छावणीत राहावे लागत नाही.

मराठीत ही परंपरा जुनी आहे. अशोक सराफ स्टेट बँकेत होते, अमोल पालेकर बँक ऑफ इंडियात, रवी पटवर्धन रिझर्व्ह बँकेत. डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद, डॉ. मोहन आगाशे मानसोपचारतज्ज्ञ. निळू फुले पुण्यातील सशस्त्र दल वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत. यातले काही नोकरी सोडून पूर्णवेळ अभिनेते झाले. पोतदार यांनी ती सोडली नाही. निवृत्तीचे वय येईपर्यंत ते थांबले आणि मगच मोकळे झाले.

आणि खरी धावपळ त्यानंतरची. ‘रंगीला’ (१९९५) मध्ये ते मिलीचे, म्हणजे ऊर्मिला मातोंडकरचे वडील होते, सोबत आईच्या भूमिकेत रीमा लागू. ‘वास्तव’ आणि ‘हम साथ साथ हैं’ हे दोन्ही चित्रपट १९९९ चे. एकात मुंबईतले गुंड, दुसऱ्यात आदर्श एकत्र कुटुंब, आणि दोन्हींच्या श्रेयनामावलीत पोतदार. पुढे ‘परिणीता’ (२००५), ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६), ‘दबंग २’ (२०१२), मराठीत ‘व्हेंटिलेटर’ (२०१६). ‘थ्री इडियट्स’ आला तेव्हा ते ७५ वर्षांचे होते. बहुतेकांचे प्रॉव्हिडंट फंडाचे हिशेबही विसरून झालेले असतात त्या वयात त्यांना ती ओळख मिळाली, जी पुढे शेवटपर्यंत राहिली.

पिंपरी-चिंचवड पट्ट्यात हा प्रश्न अजून जिवंत आहे. महाराष्ट्र कामगार कल्याण मंडळाच्या नाट्य स्पर्धेत कारखान्यांतले लोक वर्षानुवर्षे उतरत आले आहेत. चिंचवडचे प्रा. रामकृष्ण मोरे नाट्यगृह, भोसरीचे अंकुशराव लांडगे नाट्यगृह या हौशी लोकांना नवे नाही. १०० वे अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलन जानेवारी २०२४ मध्ये याच शहरात झाले. पहिली पाळी संपवून तालमीला जाता येते. पण शूटिंग दिवसा असते, कॉल टाइम सकाळचा असतो आणि पाळी दर आठवड्याला बदलते. १९८० च्या दशकातील सार्वजनिक कंपनीतल्या अधिकाऱ्याकडे साठलेली रजा आणि नोकरीची खात्री होती. आज कंत्राटावर असलेल्या मुलाकडे दोन्ही नाही. ऑडिशन आता घरबसल्या फोनवर रेकॉर्ड करून पाठवता येते हे खरे, पण निवड झाल्यावर चार दिवस मुंबईला जायचे तर हजेरी कोण लावणार? (काम देण्यासाठी आधी ‘रजिस्ट्रेशन’चे पैसे मागणाऱ्यांपासून मात्र दूर राहावे. काम करणाऱ्याला पैसे मिळतात, त्याच्याकडून घेतले जात नाहीत.)

चरित्र अभिनेता म्हणजे नेमके कोण?

आपल्याकडे सेटवर साधारण तीन थर असतात. वर नायक-नायिका आणि खलनायक. सर्वांत खाली ज्युनिअर आर्टिस्ट, म्हणजे बाजारातली गर्दी, लग्नातले पाहुणे. मधला थर कॅरेक्टर आर्टिस्टचा. त्याला नाव असलेली भूमिका असते, संवाद असतात, पण कथा त्याची नसते. मोबदला बहुतेक वेळा दिवसावर ठरतो. मालिकांमध्ये एक दिवस म्हणजे सहसा १२ तासांची शिफ्ट, आणि पैसे हातात येतात ९० दिवसांनी. ही ९० दिवसांची पद्धत टीव्ही उद्योगात इतकी मुरली आहे की नवख्यालाच तिचे आश्चर्य वाटते.

पुरस्कारांच्या बाबतीतही या थराकडे लक्ष उशिरा गेले. ऑस्करमध्ये सहायक अभिनयाची पारितोषिके १९३६ च्या चित्रपटांपासून आहेत. आपल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत ती १९८४ च्या चित्रपटांपासून आली. त्या पहिल्याच वर्षी सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा मान रोहिणी हट्टंगडी यांना मिळाला, निहलानींच्याच ‘पार्टी’साठी.

जपानमध्ये मात्र या कामाला स्वतःचे एक वजन आहे. तिथे सहायक भूमिकेला ‘वाकीयाकु’ म्हणतात. ‘वाकी’ म्हणजे बाजू, ‘याकु’ म्हणजे भूमिका. हा शब्द ‘नो’ या तिथल्या सहा-सातशे वर्षे जुन्या नाट्यप्रकाराशी जोडलेला आहे. त्यात मुख्य पात्र ‘शिते’ आणि बाजूचे पात्र ‘वाकी’. वाकी बहुतेकदा एखादा प्रवासी भिक्खू असतो. तो रंगमंचाच्या एका ठरलेल्या खांबाजवळ बसतो आणि मुख्य पात्राला विचारतो : तू कोण, तुझी हकिकत काय? त्याने विचारले म्हणून कथा उलगडते. म्हणजे तिकडेही बाजूच्या माणसाचे मूळ काम ‘तुला म्हणायचे काय आहे’ हे विचारण्याचेच.

२०१७ मध्ये टीव्ही टोकियो या वाहिनीने ‘बायप्लेअर्स’ नावाची मालिका केली. कल्पना अशी की सहा नामवंत सहायक अभिनेते एका घरात एकत्र राहतात. सहाही जणांनी स्वतःचीच भूमिका केली. त्यात रेन ओसुगी होते, तोमोरोवो तागुची होते, युताका मात्सुशिगे होते. आयुष्यभर पोलीस, गुंड, बॉस, शेजारी म्हणून दिसलेले चेहरे एकदम नायक झाले आणि मालिकेचा दुसरा भागही आला. त्याचे चित्रीकरण सुरू असतानाच फेब्रुवारी २०१८ मध्ये ओसुगी यांचे निधन झाले. आपल्याकडे अशी मालिका काढायची तर सहा नावे सुचवायला पाच मिनिटेही लागणार नाहीत. निर्माता सापडायला किती लागतील, तो वेगळा प्रश्न.

जाता जाता : ‘थ्री इडियट्स’ २०१३ मध्ये जपानमध्ये प्रदर्शित झाला आणि तिथे चांगलाच चालला. जपानी नाव ‘किट्टो, उमाकु इकु’, म्हणजे ‘नक्की, सगळे नीट होईल’. चाकणमधल्या जपानी सहकाऱ्याशी गप्पांचा विषय हवा असेल तर हा घ्या.

मीम झाले, पैसे कुणाला?

आता थोडे कायद्याचे. कारण लाखो वेळा फिरलेल्या चेहऱ्यामागच्या माणसाला त्यातून काय मिळते, हा प्रश्न कुणालाही पडेल.

१९७० च्या दशकाच्या अखेरीस मुंबई उच्च न्यायालयात निर्मात्याविरुद्ध देव आनंद असा एक वाद गेला होता. चित्रपटातील स्वतःच्या अभिनयावर अभिनेत्याला कॉपीराइट नाही, असा त्याचा निष्कर्ष. देव आनंदसारख्या ताऱ्याची ही गत, तर दिवसावर काम करणाऱ्याचे काय. १९९४ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात ‘कलाकारांचे हक्क’ आले, पण एकदा चित्रपटात काम करायला संमती दिली की ते हक्क संपत. २०१२ च्या दुरुस्तीने चित्र बदलले. कलम ३८ ए नुसार, अभिनेत्याने लेखी संमती दिल्यावर निर्मात्याच्या वापराला तो हरकत घेऊ शकत नाही, मात्र व्यावसायिक वापर झाल्यास रॉयल्टी मिळण्याचा त्याला हक्क आहे. कलम ३८ बी ने त्याला आणखी दोन गोष्टी दिल्या : आपले नाव लावले जाण्याचा हक्क आणि आपल्या कामाची प्रतिष्ठेला धक्का लावणारी मोडतोड रोखण्याचा हक्क.

कागदावर हे छान आहे. पण व्याख्येतच एक मेख आहे. ज्याचे काम किरकोळ वा प्रासंगिक आहे आणि उद्योगाच्या रिवाजानुसार ज्याचे नाव श्रेयनामावलीत येत नाही, त्याला चित्रपटाच्या बाबतीत कायदा ‘कलाकार’ मानतच नाही. मोडतोडीविरुद्धचा हक्क तेवढा त्याला उरतो. म्हणजे सिनेमाच्या शेवटी भराभर सरकणारी, आपण थिएटरबाहेर पडताना पाठ करतो ती नावांची यादी ही शोभेची वस्तू नाही. त्या यादीत नाव असणे आणि नसणे यात कायदेशीर फरक आहे.

ज्यांची नावे आहेत, त्यांच्यासाठीही प्रत्यक्षात रूढ पद्धत एकरकमी मोबदल्याचीच. गायकांनी संघटना करून रॉयल्टी वसुलीची वाट पाडली. पडद्यावरच्या अभिनेत्यांच्या बाबतीत ती रुळलेली नाही. अमेरिकेत चित्रपट पुन्हा दाखवला गेला की छोट्या भूमिकेतल्या अभिनेत्यालाही ‘रेसिड्युअल’ मिळते. २०२३ मध्ये तिथल्या अभिनेत्यांनी ११८ दिवस संप केला, त्यातला एक मुद्दा ओटीटीवरच्या याच पैशांचा आणि दुसरा एआयने चेहरा-आवाज वापरण्याचा होता.

दुसरा मुद्दा इथेही येऊन ठेपला आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने अनिल कपूर यांचे नाव, आवाज, चेहरा, इतकेच काय त्यांच्या ‘झकास’ म्हणण्याच्या शैलीच्या गैरवापराला मनाई केली. मे २०२४ मध्ये जॅकी श्रॉफ यांना तसाच दिलासा मिळाला, त्यात ‘भिडू’ हा शब्दही आला. यांच्यासारख्या ताऱ्यांकडे दिल्लीत वकील उभा करण्याची ताकद आहे. ज्याची एक ओळ घराघरांत पोहोचली पण नाव पोहोचले नाही, असा चरित्र अभिनेता ‘ही ओळख माझी’ हे कोर्टात कसे सिद्ध करणार? शिवाय सुशांतसिंह राजपूत प्रकरणात २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या एकल पीठाने व्यक्तिमत्त्वाशी निगडित असे हक्क व्यक्तीबरोबरच संपतात, अशी भूमिका घेतली. एआयने आवाज तयार करणे आज फोनवरही होते. मीम पाठवणाऱ्या विद्यार्थ्याला यातून घाबरायचे कारण नाही. पण एखाद्या ब्रँडने तोच चेहरा जाहिरातीत लावला, तर ती वेगळी गोष्ट ठरते.

६५ वर्षांवरील कलाकारांना सेटबंदी

पोतदार यांच्या शेवटच्या मोठ्या भूमिकेबद्दल बोलताना २०२० चा उल्लेख टाळता येत नाही. त्या वर्षी मार्चमध्ये झी मराठीवर ‘माझा होशील ना’ सुरू झाली. सई, आदित्य आणि आदित्यचे मामा अशा त्या घरात पोतदार आप्पा होते. वय ८५. मालिका सुरू होऊन काही आठवडे होत नाहीत तोच लॉकडाऊन लागला आणि सगळी चित्रीकरणे थांबली.

मे महिन्याच्या अखेरीस राज्य सरकारने चित्रीकरण पुन्हा सुरू करण्यासाठी नियम जाहीर केले. त्यातला एक नियम : ६५ वर्षांवरील कलाकार आणि कर्मचाऱ्यांना सेटवर परवानगी नाही. करोनाचा धोका वयस्करांना जास्त, हे त्यामागचे कारण. हेतूवर कुणी शंका घेतली नाही. पण मराठी मालिकांचा ढाचा पाहा. प्रत्येक घरात एक आजोबा, एक आजी, एक आत्या. हे काम करणारी माणसे त्याच वयाची. त्याच वाहिनीवर ‘अग्गंबाई सासूबाई’त आजोबांच्या भूमिकेत रवी पटवर्धन होते, ८० पार केलेले. (त्यांचे डिसेंबर २०२० मध्ये निधन झाले.) दिवसावर पैसे मिळणाऱ्याचा दिवसच बंद झाला की पेन्शन नसलेल्याकडे दुसरे काही उरत नाही. पोतदार यांना निदान जुन्या नोकरीची सोबत होती. आयुष्यभर फक्त अभिनयच केलेल्या किती तरी जणांना तीही नव्हती.

एका ७० वर्षीय कलाकाराने मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली. चार दशके छोट्या भूमिका करून पोट भरत आलो आहे, दुसरे उत्पन्न नाही, असे त्याचे म्हणणे. दुकाने उघडायला किंवा प्रवास करायला ६५ वर्षांवरील व्यक्तीला अशी सरसकट बंदी नाही, मग फक्त या उद्योगातच का, असा प्रश्न न्यायालयापुढे होता. ७ ऑगस्ट २०२० रोजी खंडपीठाने ती अट रद्द केली. आधार, राज्यघटनेतील समानतेचा आणि उपजीविकेचा हक्क.

पोतदार यांच्या फिल्मोग्राफीत हा निकाल कुठेही नोंदलेला नाही. पण ८५ व्या वर्षी मेकअपला बसायचे की नाही हे सरकारने नव्हे, त्या कलाकाराने ठरवायचे, हे त्यातून स्पष्ट झाले. त्यानंतरच्या पंधरवड्यात, २२ ऑगस्टला, पोतदार ८६ वर्षांचे झाले.